इरविकुलमहून अवीला पत्र

मुन्नार, एप्रिल

प्रिय अवी,

पुढच्या फेब्रुवारीत इकडे यायचं म्हणतोस, पण तेव्हा येऊ नकोस. त्या सुमारास निलगिरी ताहरच्या, म्हणजे इथल्या डोंगरी रानबकऱ्यांच्या, माद्या वितात आणि इरविकुलम उद्यान पर्यटकांना बंद ठेवतात. मला तर हा नियम फार मोलाचा वाटतो. एप्रिलात ये, म्हणजे करडंही दिसतील.

काल उद्यानातल्या राजमला भागाच्या सडकेवरून दुर्बिणीनं एक कळप मनसोक्त पाहिला. सगळ्या माद्या, यंदाची करडं आणि गेल्या सालची अर्धवट वाढलेली पोरं. पाठीवर रुपेरी डाग असलेला थोराड नर एकही नाही. नर एरवी वेगळे हिंडतात आणि पावसाळ्यात माजावर आले की कळपात मिसळतात. पुढं सहा महिन्यांनी करडं जन्मतात, तोवर ते पांगलेले असतात. संसार सगळा माद्यांचाच.

दुपारी कळप रवंथ करत बसला, पण एक मादी उभीच होती, नजर खाली शोलाच्या, म्हणजे घळीतल्या दाट रानाच्या, झाडीकडे. बिबट्या येणार तो तिथूनच. मध्येच तिनं शीळ घातली आणि सगळा कळप उठून थेट कड्याकडे धावला. कोकणकड्याच्या काठावरून आपण पोटावर झोपून खाली बघायचो ना, तसल्या कातळावर दोन-तीन महिन्यांची करडं आयांमागून उतरली! बिबट्याला तिथं पाठलाग करणं अवघड, म्हणून गवत कितीही चांगलं असलं तरी हे कळप कड्यापासून फार लांब चरत नाहीत. एका विणीत बहुधा एकच करडू होतं, त्यामुळे प्रत्येक जीव मोलाचा.

हा प्राणी जगात फक्त केरळ-तमिळनाडूच्या डोंगरांत उरलाय, म्हणजे आपल्याच सह्याद्रीच्या दक्षिण टोकाला. त्याची कितीतरी गवताळ माळरानं निलगिरीची झाडं आणि वॉटल (बाहेरून आणलेली बाभळीची जात) यांच्या लागवडीखाली गेली. गवत म्हणजे पडीक जमीन, ही समजूत मला फार छळते. इरविकुलम वाचलं, कारण चहामळेवाल्यांनी ते शिकारीसाठी राखलं होतं. 1975 साली ते अभयारण्य झालं, 1978 साली राष्ट्रीय उद्यान. अवघं 97 चौरस किलोमीटर, पण ताहरची सगळ्यात मोठी वस्ती इथंच आहे.

सडकेलगतचे ताहर माणसाला बुजत नाहीत. म्हणूनच मुलांना आधी सांगून ठेव: बिस्किटं द्यायची नाहीत, आणि आई व करडाच्या मध्ये उभं राहायचं नाही. आत वन खात्याच्या बसनं जावं लागतं, पहिलीच बस गाठू. स्वेटर आण. आणि काकूंचा गुडघा आता कसा आहे, ते कळव.

तुझा,
मोहन