सलीम अली ‘दुसरे’ कोण?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

परवाच्या रविवार पुरवणीतली, माणसांवरून पडलेल्या शास्त्रीय नावांची ती रंगीत चौकट पाहिली. चित्रं फारच सुरेख. त्याबद्दल आधीच अभिनंदन करून टाकते, कारण पुढे संधी मिळेलसं वाटत नाही.

हिमालयातल्या त्या कस्तुर पक्ष्याचं शास्त्रीय नाव तुम्ही ‘झूथेरा सलीमअली, दुसरा’ असं छापलंय. मी वरच्या ओळींत पहिला शोधत बसले. मागचं पानही पाहिलं. मग उजेड पडला. नावाच्या शेवटी लागोपाठ दोन आय आहेत आणि आपल्या कचेरीत कुणाला तरी ते रोमन दोन वाटले. दुसरा बाजीराव, पाचवा जॉर्ज, त्याच चालीवर दुसरे सलीम अली! अहो, त्यातला पहिला आय अलींचा स्वतःचा, नावातला. दुसरा षष्ठीचा. लॅटिनमध्ये पुरुषाच्या नावाला आय जोडला की ‘अमक्याचा’ असं होतं. सलीम अलींचा झूथेरा, एवढंच म्हणायचंय त्या बिचाऱ्या नावाला.

त्याखाली आणखी भर: हा पक्षी म्हणे सलीम अलींनी शोधला. अली गेले १९८७ साली. पक्ष्याला हे नाव मिळालं २०१६ साली. ज्याच्या नावावरून जातीचं नाव ठेवतात, त्यानंच ती शोधली असं तुम्ही सरसकट गृहीत धरता. उलट, नाव ठेवणारा वेगळा आणि ज्याचं नाव तो वेगळा, हीच रीत. स्वतःचंच नाव कुणी दिलं तर नियम आडवा येत नाही, पण लोक हसतात.

अलींच्याच नावाचं एक फळं खाणारं वटवाघूळ आहे, लॅटिडेन्स सलीमअलीआय. त्याचा नमुना १९४८ साली पकडलेला. तो मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संग्रहात भलत्याच जातीच्या नावाखाली पडून होता. किट्टी थाँगलाँग्या या थाई प्राणिशास्त्रज्ञानं तो ओळखला आणि १९७२ साली त्याला अलींचं नाव दिलं. पुढे १९७४ मध्ये थाँगलाँग्या वारले आणि त्याच वर्षी जेमतेम दोन ग्रॅम वजनाच्या एका वटवाघळाला त्यांचं नाव मिळालं: क्रेसिओनिक्टेरिस थाँगलाँग्याई. ही गोष्ट तुमच्या चौकटीत सहज मावली असती. असो.

मी हे एवढं मनाला का लावून घेते, तर नोकरीची सगळी वर्षं मी एका महाविद्यालयाच्या हर्बेरियममध्ये, म्हणजे वाळवलेल्या वनस्पतींच्या संग्रहात, लेबलं लिहिण्यात घालवली. वाळवलेला नमुना शीटवर चिकटवायचा आणि उजव्या कोपऱ्यात खाली टाक-शाईनं नाव घालायचं. पहिल्याच महिन्यात चीर पाइनच्या, म्हणजे पायनस रॉक्सबर्घीआयच्या, सदतीस लेबलांवर मी शेवटचा एक आय गाळला. मला वाटलं, हात चुकून दोनदा टेकला असेल छापणाऱ्याचा. आमच्या मॅडमनी गठ्ठा पाहिला, चष्मा काढला आणि विचारलं, ‘‘रॉक्सबर्गनं तुझं काय वाकडं केलंय?’’ ब्लेडनं खरवडून दुरुस्त करायची परवानगी नाही. सदतीस लेबलं नव्यानं.

मग मी शहाणी झाले. जिथे एक आय दिसेल तिथे दुसरा लावत सुटले. हूकर या ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञानं नाव दिलेल्या हिमालयातल्या ऱ्होडोडेंड्रॉन या फुलझाडांचे नमुने आले होते. थॉमसनच्या नावाला दोन आय, हॉजसनच्या नावाला दोन आय, आणि फाल्कनरच्या नावाला मात्र एकच. मी मोठ्या उदारपणे फाल्कनरलाही दुसरा बहाल केला. मॅडमनी पुन्हा चष्मा काढला. वनस्पतिशास्त्रात नाव व्यंजनावर संपत असेल तर दोन आय, पण ‘-अर’वर संपत असेल तर एकच. पुन्हा नवी लेबलं. फाल्कनर हे नाव ऐकलं की माझी बोटं अजून दुखतात.

तिसरी फजिती शेजारच्या प्राणिशास्त्र विभागात. तिथल्या तक्त्यावर डार्विनचा बेडूक होता, ज्याचा नर पिलांना स्वतःच्या स्वरकोषात वाढवतो तो, ऱ्हायनोडर्मा डार्विनीआय. दोन आय. त्याच तक्त्यावर डार्विनचाच उंदीर, फायलोटिस डार्विनी. एक आय. मी पेन्सिलीनं उंदराला न्याय दिला. तिथल्या सरांनी तक्त्यासमोर उभं करून ऐकवलं की बाई, तुमचे नियम तुमच्या झाडांना. वनस्पतींच्या नियमावलीत असली शेपटी चुकली तर पुढचे लोक ती सुधारू शकतात, सुधारायचीच असते. प्राण्यांच्या नियमावलीत नाव देणाऱ्यानं पहिल्यांदा एक आय छापला तर एक, दोन छापले तर दोन. मागाहून घटवायचा नाही, वाढवायचा नाही. म्हणून एकाच डार्विनचा बेडूक दोन आयचा आणि उंदीर एका आयचा, आणि दोघेही बरोबर. हे मला कळायला तीन खरडपट्ट्या लागल्या. तुम्हाला फुकट सांगतेय.

आता बायकांकडे वळते. कोलंबियाच्या राष्ट्रीय फुलाबद्दल, कॅटलेया ट्रियानीबद्दल, तुम्ही लिहिलंय की नावाच्या शेवटी ए-ई आहे, म्हणजे ते ‘ट्रियाना नावाच्या विदुषीचं’. होसे हेरोनिमो ट्रियाना हा बाप्या होता हो! बाईच्या नावाला ए-ई लागतं हे खरं. मारिया सिबिला मेरियन या निसर्गचित्रकार बाईंच्या नावाची मोठी घोरपडीसारखी सरड्याची जात आहे, तिच्या नावात ते आहे. पण वनस्पतिशास्त्रात पुरुषाचं नाव ‘आ’वर संपत असलं तरी ए-ईच लागतं. प्राणिशास्त्रात मात्र वरच्या थाँगलाँग्यांसारखं ए-आय. आणि सीलाकँथ मासा घ्या. १९३८ साली तो ज्या संग्रहालयवाल्या बाईंनी जगापुढे आणला, त्या कोर्टनी-लॅटिमर बाईंचं नाव ‘लॅटिमेरिया’ या पहिल्या शब्दात आहे. दुसरा शब्द ‘चालुम्नी’, त्यालाही ए-ई, पण ती बाई नव्हे, नदी.

आपल्याला हे अवघड जातं, त्याचं कारण मला वाटतं आपलीच षष्ठी. आपला चा-ची-चे वस्तूकडे बघून बदलतो: सीतेचा भाऊ, सीतेची बहीण. लॅटिनची ही षष्ठी माणसाकडे बघते, झाड कुठल्याही लिंगाचं असो. मजा म्हणजे आपल्यासारखं वागणारं रूपही त्यांच्याकडे आहे. पायनस वालिचियाना, म्हणजे वॉलिच या पुरुषाचंच नाव, पण पाइनचं झाड लॅटिनमध्ये स्त्रीलिंगी, म्हणून शेवटी ‘आना’. अगदी आपली ‘ची’! मुलांना हे असं शिकवलं तर लॅटिन इतकं भुतासारखं वाटणार नाही. पण हे लिहायला बसले नव्हते मी.

बोगनवेलीला तुम्ही सहा ओळी दिल्या. ते नाव फ्रेंच पृथ्वीप्रदक्षिणा मोहिमेचा प्रमुख बोगनव्हील याचं. त्याच मोहिमेत वनस्पतितज्ज्ञ कॉमरसाँचा मदतनीस म्हणून पुरुषाच्या वेषात वावरणारी झान बारे होती, पृथ्वीप्रदक्षिणा केलेली पहिली ज्ञात स्त्री. तिनं झाडं गोळा केली, पेट्या उचलल्या. नावं इतरांची लागली. २०१२ साली बटाट्या-वांग्याच्या कुटुंबातल्या एका रानवेलीला तिचं नाव दिलं गेलं, सोलॅनम बारेतिई. इथे ए-ई खरोखरच बाईचं आहे. नेमकी तीच तुमच्या चौकटीत नाही.

शेवटच्या ओळीत ‘अशी सगळी नावं आता रद्द होणार’ असं ठोकून दिलंय. अमेरिकेतल्या पक्षिशास्त्र सोसायटीनं २०२३ मध्ये ठरवलं ते माणसांवरून पडलेल्या इंग्रजी नावांबद्दल. शास्त्रीय नावांना त्यांनी हात लावलेला नाही. २०२४ मध्ये माद्रिदच्या वनस्पतिशास्त्र काँग्रेसनं शास्त्रीय नावं बदलायचा निर्णय घेतला तो ‘काफ्रा’ या अपमानास्पद शब्दाबद्दल; त्याचं पहिलं अक्षर काढून ‘आफ्रा’ करायचं. दोनशेहून जास्त नावांतलं एक अक्षर गाळायला जगभरच्या लोकांनी जमून मतदान केलं. आपल्याकडे उपसंपादक बिनमतदानाचं काम उरकतात.

आणि जाता जाता, हे ‘नवी प्रजाती सापडली’ प्रकरणही थांबवा. आमच्या पाठ्यपुस्तकात कुल, मग प्रजाती, मग जाती असा उतरता क्रम होता. झूथेरा ही प्रजाती, सलीमअलीआय ही तिच्यातली जाती. तुम्ही दर आठवड्याला जाती सापडली की प्रजाती म्हणता. खरीच नवी प्रजाती सापडली तर त्या दिवशी काय म्हणणार?

शुद्धिपत्र द्याल अशी आशा आहे. चूक चार रंगांत आणि शुद्धिपत्र निविदांच्या खाली मुंगीएवढ्या अक्षरांत, ही आपली प्रथा ठाऊक आहे. तिथेही चालेल, माझ्याकडे भिंग आहे. फक्त आय मोजून घ्या. तीन झाले तर पुन्हा पत्र लिहावं लागेल.

आपली,
एक निवृत्त हर्बेरियम सहायक