पोकरमधला हौशी माणूस

महोदय,

टीव्हीवर पोकर हा पैज लावून खेळायचा पत्त्यांचा खेळ पाहताना माझी नजर कसलेल्या खेळाडूंवर ठरत नाही. चेहऱ्यावरची रेषही ते हलू देत नाहीत. नोकरी सांभाळून हौसेने आलेल्याचे हात मात्र थरथरतात आणि आपलाही जीव खालीवर होतो. २००३ साली क्रिस मनीमेकर हा अमेरिकी हिशेबनीस ८६ डॉलरच्या ऑनलाइन पात्रता फेरीतून पोकरच्या जागतिक मालिकेत पोहोचला आणि ८३९ जणांत पहिला आला! झाकलेली पाने कॅमेऱ्यात दिसत होती, म्हणून सॅम फारहासारख्या मुरलेल्या खेळाडूला त्याने दिलेली हूल, म्हणजे हलकी पाने असून भारी असल्याचा आणलेला आव, अजूनही अंगावर काटा आणते. सोलापुरात चादरीच्या कारखान्यातले आम्ही चौघे रविवारी रमी खेळतो, बिनपैशाची. आम्हाला तो आपल्यातलाच वाटतो. वाहिन्यांनी असे खेळाडू पहिल्या दिवसापासून दाखवावेत.

– एक वाचक, सोलापूर