भात मोजणारा बंडखोर

सावंतवाडी

प्रिय मिलिंद,

सप्रेम नमस्कार. तुझ्या पोराने खोलीत चे गव्हेराचं पोस्टर लावलं आणि आता 'असा अजून कोण होता?' म्हणून तो तुझ्या मागे लागलाय, हे वाचून बरं वाटलं. चेबद्दल त्याला हवं ते सगळं मिळेल. मी दुसरंच नाव सुचवतो: अमिल्कार काब्राल, पश्चिम आफ्रिकेत पोर्तुगीजांविरुद्ध लढा उभारणारा पुढारी. गोव्यातल्या दिवाडी बेटावरच्या घरात हे नाव ठाऊक असायला हवं, असं मला मनापासून वाटतं. का, ते पुढे येईलच.

काब्राल 1924 साली पोर्तुगीज गिनीतल्या, म्हणजे आजच्या गिनी-बिसाऊतल्या, बाफाता गावी जन्मला. आईवडील केप व्हर्देचे, म्हणजे पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून लांब अटलांटिकात पसरलेल्या दहा बेटांचे. शाळा तिथेच झाली. 1940 नंतरच्या वर्षांत त्या बेटांना पावसाने पुन्हा पुन्हा दगा दिला, हजारो माणसं उपासमारीने मेली, आणि लिस्बनचं सरकार जवळपास हात बांधून बसलं. हे डोळ्यांनी बघितलेल्या मुलाला शिष्यवृत्ती मिळाली तेव्हा त्याने काय निवडलं? वकिली नाही, डॉक्टरकी नाही. शेतकी! प्रबंध लिहिला तो मातीच्या धुपेवर, आणि पाहणी केली पोर्तुगालच्याच आलेन्तेजो प्रांतात, क्युबा नावाच्या गावाच्या परिसरात. हा योगायोग मला फार आवडतो. लिस्बनमध्येच त्याला आगोस्तिन्यो नेतो भेटला, जो पुढे अंगोलाचा पहिला राष्ट्राध्यक्ष झाला. मोझांबिकचा मार्सेलिनो दुश सांतुशही तिथलाच सोबती. साम्राज्याने आपले कारकून घडवायला पोरं गोळा केली आणि त्यांनी तिथेच बसून साम्राज्याची मोडतोड ठरवली.

मी स्वतः दापोलीत शेतकी शिकलेला, त्यामुळे पुढचा भाग मला सगळ्यात जवळचा. 1952 मध्ये तो सरकारी नोकर म्हणून गिनीत परतला आणि 1953 मध्ये त्याच्याकडे देशाच्या शेतीच्या गणनेचं काम आलं. गावोगाव फिरून त्याने नोंदी केल्या: कोण किती भात काढतो, निर्यातीच्या भुईमुगाखाली किती जमीन जाते, कुठल्या जमातीत जमीन कोणाच्या ताब्यात असते, कुठला मुखिया गोऱ्यांच्या वतीने लोकांना पिळतो. पगार पोर्तुगालचा, आणि माहिती साठत होती पुढच्या लढ्यासाठी. 1956 मध्ये त्याने पक्ष काढला. गिनी आणि केप व्हर्दे दोन्ही एकत्र स्वतंत्र करायचे, हा त्याचा पाया. सुरुवातीला भर शहरातल्या कामगारांवर होता. 3 ऑगस्ट 1959 ला राजधानी बिसाऊच्या पिजिगिती धक्क्यावर पगारवाढीसाठी संप झाला, पोलिसांनी गोळ्या घातल्या आणि पन्नासच्या आसपास माणसं गेली. मग पक्षाने शहर सोडून खेड्यांची वाट धरली.

आपल्याला गनिमी कावा म्हटलं की सह्याद्री डोळ्यांसमोर येतो. चेचंही तसंच, क्युबातले सिएरा माएस्त्राचे डोंगर. गिनीत डोंगरच नाहीत! सपाट प्रदेश, भरती-ओहोटीच्या नद्या, कांदळवन, आणि किनाऱ्याकडे बांध घालून खारं पाणी अडवून केलेली भातशेती. म्हणजे तुमची खाजनंच की. आमच्याकडची खारभूमीही तीच. मानस, म्हणजे बांधातलं पाण्याचं दार, फुटली की एका रात्रीत शेत कसं खारं होतं, हे तुला मी सांगायला नको. अशा मुलखात लपायचं कुठे? काब्रालचं उत्तर होतं: आमचे लोक हेच आमचे डोंगर. ऐकायला हे घोषणेसारखं वाटतं, पण त्यामागे त्या गणनेच्या वह्या होत्या. दक्षिणेत बालांता लोक भात पिकवतात, त्यांच्यावर मोठा सरंजामदार नाही, ते लवकर येतील. फुला जमातीचे मुखिये पोर्तुगीजांना धरून आहेत, तिथे वेळ लागेल. हा हिशोब त्याने बंदूक उचलण्याआधी केला होता. जानेवारी 1963 मध्ये तिते इथल्या लष्करी छावणीवरच्या हल्ल्याने युद्ध सुरू झालं ते दक्षिणेतच.

चे आणि तो जानेवारी 1965 मध्ये कोनाक्रीला, म्हणजे शेजारच्या स्वतंत्र गिनी देशाच्या राजधानीत, भेटले. त्यानंतर क्युबाने डॉक्टर आणि लष्करी प्रशिक्षक पाठवले. पण दोघांच्या स्वभावात अंतर होतं. मूठभर धाडसी माणसं पेटली की देश पेटतो, हा चेचा भरवसा. त्यावर तो बोलिव्हियात गेला आणि 1967 मध्ये एकटा पडून मारला गेला. काब्राल आपल्या कार्यकर्त्यांना बजावत असे की लोक तुमच्या डोक्यातल्या कल्पनांसाठी लढत नाहीत, नीट जगता यावं म्हणून लढतात. त्यांच्याशी खोटं बोलू नका, सोप्या विजयाच्या बढाया मारू नका. मुक्त भागात त्याने लोकांची दुकानं काढली. भात द्यायचा, बदल्यात कापड आणि अवजारं न्यायची. शाळा उघडल्या. गावसमितीत पाच माणसं, त्यांपैकी किमान दोन बायका, हा नियम केला. आणि 1964 मध्ये कासाकाच्या अधिवेशनात, गावकऱ्यांवर दहशत बसवणाऱ्या आपल्याच कमांडरांवर कारवाई केली. युद्ध ऐन भरात असताना स्वतःच्या माणसांचे कान पकडणारे पुढारी फार दिसत नाहीत.

आता गोव्याचं. एप्रिल 1961 मध्ये कासाब्लांकाला पोर्तुगीज वसाहतींतल्या राष्ट्रवादी संघटनांची परिषद भरली, तिच्यात गोव्याच्या संघटनाही होत्या. तुमच्या गोव्याचा आक्विनो द ब्रागांसा त्या कामात पुढे होता. पुढे तो मोझांबिकचा झाला आणि 1986 मध्ये तिथला राष्ट्राध्यक्ष सामोरा माशेल याच्यासोबत विमान अपघातात गेला. त्या परिषदेनंतर आठच महिन्यांत, डिसेंबर 1961 मध्ये, गोवा मुक्त झाला. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याने मरेपर्यंत लढायचा हुकूम दिला होता; गव्हर्नर वासालो इ सिल्व्हाने तो न मानता शरणागती पत्करली, माणसं वाचवली, आणि त्याबद्दल त्याला सैन्यातून काढून टाकण्यात आलं. ही गोष्ट पोर्तुगीज अधिकारी विसरले नाहीत. गिनीतलं युद्ध हाताबाहेर जाऊ लागलं तेव्हा त्यांना दिसू लागलं की आपलाही गोवा होणार: युद्ध घालवणार लिस्बनचे पुढारी, दोष येणार आपल्या माथी. 25 एप्रिल 1974 ला ज्या तरुण अधिकाऱ्यांनी लिस्बनची हुकूमशाही उलथवली, त्यांतले अनेक गिनीत लढून आलेले होते. त्यानंतर लिस्बनजवळच्या काशियासच्या तुरुंगाची दारं उघडली. तोच तुरुंग, जिथून गोवा मुक्तिलढ्यातले आपले मोहन रानडे 1969 मध्ये सुटले.

पण हे पाहायला काब्राल नव्हता. 1970 मध्ये पोर्तुगीजांनी समुद्रातून थेट कोनाक्रीवर छापा घातला होता, तेव्हा तो बाहेरगावी असल्याने वाचला. 20 जानेवारी 1973 च्या रात्री पोलंडच्या वकिलातीतल्या समारंभाहून बायकोबरोबर घरी परतताना त्याला गाठलं ते त्याच्याच पक्षाच्या माणसांनी. नौदलातला इनोसेन्सिओ कानी पुढे होता. त्याला बांधून न्यायचं होतं. त्याने हात बांधू द्यायला नकार दिला आणि गोळी झाडली गेली. पोर्तुगीज गुप्त पोलिसांचा हात किती, यावर अजून वाद आहे. पण केप व्हर्देचे शिकलेले पुढारी आणि गिनीचे लढवय्ये यांच्यातली असूया खरी होती, आणि कटवाल्यांनी तिचाच उपयोग केला. दहा दिवसांनी तितिना सिला ही लढवय्यी त्याच्या अंत्यविधीला निघाली असता फारीं नदी ओलांडताना मारली गेली. गिनीत 30 जानेवारी हा महिला दिन तिच्यामुळे पाळतात.

पक्षाने सप्टेंबर 1973 मध्ये स्वातंत्र्य जाहीर केलं, पुढच्या वर्षी पोर्तुगालने ते मान्य केलं. भाऊ लुईस काब्राल राष्ट्राध्यक्ष झाला. 1980 मध्ये नीनो व्हिएरा या युद्धातल्याच सेनानीने त्याला हटवलं आणि दोन देशांच्या ऐक्याचं स्वप्न तिथेच तुटलं. त्यानंतर गिनी-बिसाऊत बंडं, यादवी, खून. व्हिएराही 2009 मध्ये मारला गेला. केप व्हर्दे मात्र शांतपणे निवडणुका घेत राहिलं. तू म्हणशील, मग तुझ्या काब्रालचं काय उरलं? माझं मत असं की त्याने खेड्यात जे बांधलं, ते राजधानीत बसल्यावर वारसांनी वापरलंच नाही. बंदूकवाले सत्तेत गेले आणि गावसमित्या मागे राहिल्या. यात त्याचाही दोष शून्य नाही. इतकं काही एका माणसाच्या भरवशावर उभं होतं. तरी चेच्या पोस्टरपेक्षा मला त्याच्या गणनेच्या नोंदी जास्त क्रांतिकारक वाटतात.

एक काम आहे. गोवा मुक्त होण्याआधीच्या वर्षांत पोर्तुगीजांनी तिथे आफ्रिकेतून सैनिक आणून ठेवले होते. तुझ्या थोरल्या काकांना ते आठवत असतील. गावातल्या लोकांचं त्यांच्याशी कधी बोलणं व्हायचं का, आणि काय भाषेत, एवढं विचारून कळव. वहिनींना नमस्कार, पोराला आशीर्वाद.

तुझा,
सुहास