चि. मुक्तास, रुजू होण्यापूर्वी

नौपाडा, ठाणे

चि. मुक्ता, अनेक आशीर्वाद.

काल तू उत्तनच्या न्यायिक अकादमीतून फोनवर न्यायाधीश म्हणून नेमणुकीचा तालुका सांगितलास, तेव्हा मी "छान झाले" एवढेच म्हणालो. आईने लगेच त्या गावापासून ठाण्याला यायला गाडी कोणती, ते विचारले. मला मात्र तुझ्या पुढच्या बदलीची काळजी लागली आहे.

कोर्ट नाक्यावर लघुलेखक म्हणून हयात गेल्यामुळे मी न्यायाधीशांना चेंबरमध्ये अधिक पाहिले आहे. हुकूमशहाला न्यायालयांना कुलूप घालावे लागत नाही. राईशस्टागच्या, म्हणजे जर्मन संसदेच्या, आगीच्या खटल्यात 1933 साली लायपझिगच्या न्यायालयाने पाचांपैकी चौघांना निर्दोष सोडले; नाझींनी पुढच्याच वर्षी राजद्रोहासाठी वेगळे 'लोक न्यायालय' काढले. ज्यू न्यायाधीशांना आधीच घरी पाठवले होते, आणि उरलेले बहुतेक मुकाट्याने कामावर येत राहिले.

आपल्याकडे आणीबाणीत उच्च न्यायालयांच्या सोळा न्यायाधीशांच्या बदल्या झाल्या. बदलीच्या आदेशात कारण लिहिलेले नसते, पण ते सगळ्यांना कळते. मुलांची शाळा, आईवडिलांचे दुखणे, सारे त्या एका कागदाला बांधलेले असते. तरीही नऊ उच्च न्यायालयांनी स्थानबद्धांना दाद मागता येते असे म्हटले, आणि 28 एप्रिल 1976 रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी ते फिरवले. त्या चौघांत आपले यशवंतराव चंद्रचूडही होते. 2017 साली तो निकाल मोडीत काढताना मुख्य निकालपत्र त्यांच्या मुलाने लिहिले. 1976 साली एकटे वेगळे मत देणाऱ्या हंसराज खन्नांनी सरन्यायाधीशपद जाणार हे बहिणीला आधीच सांगून ठेवले होते. जानेवारी 1977 मध्ये ते पद खरोखर त्यांच्याहून कनिष्ठ न्यायमूर्ती बेगांना मिळाले आणि खन्नांनी राजीनामा दिला.

हे तुला माझ्यापेक्षा अधिक पाठ आहे. क्षमा कर, निवृत्त माणसाला श्रोता लागतो.

तुला खन्नांसारखे व्हायला सांगावे, तर तुझा परिवीक्षा काळही अजून संपायचा आहे, आणि सांभाळून राहा म्हणावे, तर असे सांभाळणाऱ्यांच्या तोंडचे आदेश मी टंकलिखित केलेले आहेत. पोलिसांनी कोठडी मागितली की कारणे विचार. जामिनाचा आदेश शिरस्तेदाराच्या चेहऱ्याकडे पाहून लिहू नकोस. तुझ्या नावाची पाटी पाहायला मी येणारच आहे, पण बदलीचे मनातून जात नाही.

ती आलीच, तर आधी मला कळव. आईला मी सांगेन.

तुझे,
बाबा