ओढ्याकडच्या एकराविषयी

राजारामपुरी, कोल्हापूर
कोजागरीचा दुसरा दिवस

ती. बाबा आणि आई यांस शिरसाष्टांग नमस्कार,

इटलीहून सुखरूप परतल्याचे परवा कळवलेच आहे. पण बाबांना फोनवर नीट ऐकू येत नाही, आणि मला जे सांगायचे आहे त्यात आकडे बरेच आहेत, म्हणून हे सविस्तर पत्र लिहीत आहे. रविवारी मी गावी येणारच आहे. त्याआधी तुम्ही दोघांनी हे सावकाश वाचून ठेवावे.

आई, पहिली गोष्ट तुझ्यासाठी. तिकडे मी वाइनची चव घेतली. तुझ्या गळ्यात माळ आहे आणि आपल्या घरात दारूचा थेंब आजवर आलेला नाही, हे मनात ठेवूनच मी तिथे बसले होते. चव घेऊन घोट शेजारच्या भांड्यात टाकून द्यायचा अशी तिथली रीतच आहे, आणि मी बहुतेक वेळा तसेच केले. एक घोट मात्र गिळला. तुला हे दुसऱ्या कोणाकडून कळण्याऐवजी माझ्याकडून कळावे, असे मला वाटले. तुला वाईट वाटले तर रविवारी मला तसे सांग, मी ऐकून घेईन.

बोलोन्याचे कंपनीचे काम गुरुवारी संपले आणि परतीचे विमान शनिवारचे होते. मधल्या दिवशी रेल्वेने फ्लॉरेन्सला आणि तिथून तासाभराच्या बसने मी कियांतीच्या डोंगराळ भागात गेले. फ्लॉरेन्स आणि सिएना या दोन शहरांच्या मधला हा पट्टा द्राक्षांसाठी जुना प्रसिद्ध आहे; तिथल्या राज्यकर्त्याने १७१६ सालीच जाहीरनामा काढून त्याच्या सीमा ठरवून दिल्या होत्या. पान्झानो गावाजवळच्या एका सेंद्रिय बागेत आम्हा आठ जणांची नोंदणी झाली होती आणि बागेच्या मालकांची मुलगीच आम्हाला सगळे दाखवत होती. गावाची उंची सुमारे ५०० मीटर, म्हणजे जवळपास आपल्या कोल्हापूरएवढीच, पण जमीन अगदी वेगळी आहे. हातात घेतला की पापुद्रे सुटून चुरा होतो असा दगड तिथे सगळीकडे पसरलेला आहे, त्याला ते गालेस्त्रो म्हणतात.

आई, मामाच्या तासगावच्या बागेची सवय असलेल्या माणसाला ती बाग प्रथम केविलवाणी वाटते. मांडव नाही, डोक्यावर लोंबणारे घड नाहीत. छातीएवढ्या उंचीच्या तारांवर वेली उभ्या बांधलेल्या आणि घड लहान, काळसर, गच्च दाण्यांचे. सांजोव्हेझे ही तिथली मुख्य जात आहे. मामा एप्रिलमध्ये खरड छाटणी आणि ऑक्टोबरमध्ये फळछाटणी अशा दोन छाटण्या घेतो, कारण आपल्याकडे वेल कधी झोपत नाही. तिथे थंडीत वेलीची सगळी पाने झडतात आणि छाटणी वर्षातून एकदाच होते. उत्पन्नाचा आकडा ऐकून तर मी पुन्हा विचारले. कियांती क्लासिको हे तिथल्या वाइनचे नाव बाटलीवर लावायचे असेल तर हेक्टरी साडेसात टनांपेक्षा जास्त द्राक्षे घेताच येत नाहीत. म्हणजे एकरी तीन टन. मामा याच्या तिप्पट-चौपट माल सहज काढतो.

आता बाबांसाठी. सेंद्रिय म्हणजे फवारणीच नाही, असा माझा आजवर समज होता आणि तो चुकीचा होता. तिथेही केवडा आणि भुरी हे बुरशीचे दोन रोगच शत्रू आहेत, आणि त्यांवर उपाय म्हणून मोरचूद, चुना आणि गंधक हीच आपल्या ओळखीची द्रव्ये वापरली जातात. मोरचूद-चुन्याच्या बोर्डो मिश्रणाची जन्मकथा मालकांच्या त्या मुलीने सांगितली तेव्हा मला तुमची फार आठवण झाली. फ्रान्समध्ये १८७८ च्या सुमारास अमेरिकेतून केवडा येऊन पोहोचला होता. बोर्डोजवळच्या बागांमध्ये रस्त्याकडेच्या ओळींवर मोरचूद आणि चुन्याचे पाणी मारून ठेवण्याची पद्धत होती, ती केवळ वाटसरूंनी घड तोडून खाऊ नयेत म्हणून. तिथल्या विद्यापीठातील मिलार्दे या वनस्पतिशास्त्रज्ञाच्या लक्षात आले की रोगाने सगळ्या बागेची पाने गळत असताना रस्त्याकडेच्या त्याच ओळी हिरव्या आहेत. त्यांनी प्रयोग केले आणि १८८५ साली ते मिश्रण प्रसिद्ध केले. चोरांसाठी केलेली ती युक्ती आज मामाच्या पंपातही आहे.

परंतु मोरचुदात तांबे असते, आणि तांबे हा जड धातू आहे. तो कुजत नाही, जमिनीतच साठतो आणि गांडुळांना बाधतो. म्हणून युरोपच्या नियमाने सात वर्षांत मिळून हेक्टरी २८ किलो, म्हणजे वर्षाला सरासरी ४ किलो तांबे, एवढीच परवानगी आहे. झाडाच्या आत भिनणारी आंतरप्रवाही रासायनिक औषधे तर त्यांना चालतच नाहीत. पाऊस आला की पानावरचे तांबे धुऊन जाते आणि पुन्हा फवारावे लागते. पावसाळी वर्षात मर्यादा आणि रोग या दोहोंच्या कात्रीत माणूस सापडतो. २०२३ च्या ओल्या वसंतात मध्य आणि दक्षिण इटलीत केवड्याने फार मोठे नुकसान केले, तेव्हा त्यांच्या घरी काय परिस्थिती होती हे त्या मुलीने काहीही न लपवता सांगितले. तिच्या या मोकळेपणामुळेच तिच्या बाकीच्या बोलण्यावर माझा विश्वास बसला.

यानंतर तिने जे केले त्यासाठी मी हे पत्र लिहायला घेतले. तिने फावडे आणवले आणि दोन ठिकाणी वीतभर खोल माती उचलून दाखवली. पहिली जागा गेली वीस वर्षे सेंद्रिय असलेल्या तुकड्यातली होती. तिथे दर वर्षी काढणीनंतर एक ओळ सोडून एक अशी जव आणि शेंगवर्गीय पिके पेरतात आणि वसंतात कापून जमिनीत गाडतात, अगदी आपण ताग-धैंचा गाडतो तसे. ती माती फावड्यावरच सुटी झाली; तिच्यात पांढरी मुळे होती, गांडुळांची भोके होती आणि मृगाच्या पहिल्या पावसाला येतो तो वास होता. दुसरी जागा शेजाऱ्याकडून नव्याने घेतलेल्या तुकड्यातली, रासायनिकातून सेंद्रियकडे रूपांतराच्या दुसऱ्या वर्षातली. तिथे फावड्याखाली सलग ढेकूळ आले आणि ते हाताने फुटेना. बाबा, ते ढेकूळ मी हातात घेतले तेव्हा मला आपला ओढ्याकडचा एकरच आठवला, जिथे गेल्या उन्हाळ्यात नांगराचा फाळ वाकला होता.

त्यानंतर आम्हाला दगडी तळघरात नेऊन टेबलाशी बसवले. आधी पेला पांढऱ्या कागदावर तिरपा धरून रंग पाहायचा, मग पेला फिरवून वास घ्यायचा, मग छोटा घोट जिभेवर सगळीकडे फिरू द्यायचा. मला पहिल्यांदा पिकत आलेल्या आंबट करवंदाचा वास आला, आणि मागाहून जीभ अशी आखडली जशी जांभळे जास्त खाल्ल्यावर आखडते. हा तुरटपणा द्राक्षाच्या सालीतून आणि बियांतून येतो, आणि रंगही सालीतूनच उतरतो. आत गर पांढराच असतो. रसातली साखर ते आपल्यासारखीच ब्रिक्समध्येही मोजतात. तो आकडा ऐकताच गुऱ्हाळावर काहिलीशेजारी ब्रिक्समीटर डोळ्याला लावून उभे असलेले बाबा मला दिसले. फरक एवढाच की आपण त्या रसातले पाणी आगीवर आटवून साखर राखतो, आणि तिथे यीस्ट ती साखर खाऊन टाकते.

शेवटी तिने दोन पेले शेजारी ठेवले. एकात जुन्या सेंद्रिय तुकड्याची वाइन होती आणि दुसऱ्यात रूपांतराच्या तुकड्याची, जी वेगळ्या पिंपात ठेवावी लागते आणि सेंद्रिय म्हणून विकता येत नाही, कारण द्राक्षासारख्या बहुवर्षायू पिकाला रूपांतराची तीन वर्षे पूर्ण करावी लागतात. मला दोन्हींतला फरक ओळखता आला नाही. इतरांनाही आला नाही. सेंद्रिय वाइन चवीला उत्तमच असते असा आपला दावा नाही, चव वर्षावर, उतारावर आणि तळघरातल्या कामावर ठरते, असे ती म्हणाली. नियम आहेत ते फवारणीचे, जमिनीचे आणि पिंपात काय घालायचे याचे. लाल वाइनमध्ये एरवी लिटरला १५० मिलिग्रॅमपर्यंत सल्फाइट, म्हणजे वाइन टिकावी म्हणून घालतात ते गंधकाचे द्रव्य, चालते, सेंद्रियमध्ये १०० पर्यंतच. गुळाला पिवळाधमक रंग यावा म्हणून काहिलीत टाकतात ती हायड्रॉसची पावडरही गंधकाचीच, हे तुम्ही मला किती वर्षांपूर्वी सांगितले होते!

बाबा, तीन वर्षांपूर्वी दिवाळीत तुम्ही म्हणाला होता की ओढ्याकडच्या एकरात रासायनिक खत बंद करावे, पाचट न जाळता सरीत कुजवावे आणि त्या उसाचा गूळ हायड्रॉस न घालता, नुसत्या भेंडीच्या पाण्याने मळी काढून करावा. तेव्हा मी कागदावर हिशेब मांडून तुम्हाला गप्प केले. उतारा घटला तर विकास सोसायटीचे कर्ज कसे फेडणार, काळपट गुळाला सौद्यात भाव कोण देणार, असे मी विचारले आणि तुम्ही विषय पुन्हा कधीच काढला नाहीत. हिशेब चुकला नव्हता. पण त्यात जमिनीची बाजू मी धरलीच नव्हती. याचे मला मनापासून वाईट वाटते.

उतारा सुरुवातीला घटेल, हे मी आजही मानते. ती तूट माझ्या पगारातून भरून काढायची माझी तयारी आहे, तीन वर्षे लागली तरी. ‘पीजीएस-इंडिया’ या सेंद्रिय शेतीच्या सरकारी योजनेत शेतकऱ्यांचा गटच एकमेकांच्या शेताची तपासणी करून प्रमाणित करतो आणि गटाला किमान पाच शेतकरी लागतात. आपल्या भावकीतले आणि ओढ्यापलीकडचे मिळून पाच जण होतील का, याचा तुम्ही अंदाज घेऊन ठेवावा. यंदाचा खोडवा तुटला की त्या एकरात ऊस न ठेवता पावसाळ्याच्या तोंडावर ताग पेरावा आणि लागण त्यानंतर घ्यावी, असे मला वाटते. पण शेत तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळते, तेव्हा शेवटचा निर्णय तुमचाच राहील.

आई, तुझ्यासाठी त्याच बागेतले ऑलिव्हचे तेल आणले आहे. ते फोडणीला वापरू नकोस, कोशिंबिरीवर वरून घाल.

रविवारी सकाळी रंकाळा स्टँडवरून पहिल्या एसटीने निघते. चहा झाल्यावर आपण दोघे ओढ्याकडे जाऊ. गोठ्यातले फावडे तेवढे बाहेर काढून ठेवावे.

तुमची,
ताई