सायकलवरून राजदूतावासाकडे

महोदय,

नटी राजकारणात उतरली की ‘हिला काय कळतंय’ हा सूर ठरलेला. असं म्हणणाऱ्यांना स्लोव्हाकियाच्या माग्दा वाशारिओवा ठाऊक नसाव्यात. १९६७च्या ‘मार्केता लाझारोवा’ या चेक चित्रपटाची ही कोवळी नायिका, पण ब्रातिस्लाव्हात समाजशास्त्र शिकलेली! चेक दिग्दर्शक यिर्झी मेन्झेल यांच्या एका चित्रपटात कमरेखाली रुळणारे सोनेरी केस मोकळे सोडून त्या सायकल दामटतात आणि शेवटी तेच केस कापून टाकतात. ते पाहताना आपलाच जीव हळहळतो. १९९० मध्ये त्या ऑस्ट्रियात चेकोस्लोव्हाकियाच्या राजदूत झाल्या. १९९९ मध्ये राष्ट्राध्यक्षपदासाठी लढल्या, पडल्या. पुढे पोलंडमध्ये स्लोव्हाकियाच्या राजदूत आणि नंतर खासदार झाल्या. चित्रपट महोत्सववाल्यांनी त्यांचे जुने चित्रपट एकदा दाखवावेत. सबटायटल्स मात्र वाचता येतील अशी ठेवा!

– एक चित्रपटवेडा वाचक, पुणे