राजीनाम्यावर सही करू नका, असे सांगणाऱ्या काकांस

भोसरी, पुणे
१२ डिसेंबर २०१९

आदरणीय काका,
सादर नमस्कार.

तोंडी आभार मानू लागलो, तेव्हा आपण विषयच बदललात; म्हणून आपल्या अनुमतीने, परंतु आपले नाव न घालता, हे पत्र सर्वांना वाचता येईल असे लिहीत आहे. यंदाच्या वाहन उद्योगातील मंदीमुळे भोसरी-चाकण पट्ट्यातील सुट्या भागांच्या कारखान्यांत ज्यांच्यावर नोकरकपातीची वेळ आली आहे, त्यांनाही आपला सल्ला उपयोगी पडेल.

आमच्या कारखान्यात माझ्यापुढे आधीच टाइप केलेला राजीनामा ठेवण्यात आला आणि स्वतःहून गेलात तर पुढची नोकरी मिळायला सोपे जाईल, असे गोडीने सांगण्यात आले. घरी नातेवाइकांनी 'होते ते बऱ्यासाठीच' म्हणून धीर दिला. आपण मात्र चहा येण्याआधीच नियुक्तिपत्र आणि पगाराच्या स्लिपा मागितल्यात, आणि राजीनामा दिला की कपातीची भरपाई मागता येणार नाही, हे पहिल्याच वाक्यात स्पष्ट केलेत.

आज, म्हणजे २०१९ मध्ये, लागू असलेल्या औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ च्या कलम २५-एफप्रमाणे वर्षभर सलग सेवा झालेल्या कामगाराला कमी करायचे असेल, तर एक महिन्याची लेखी नोटीस किंवा तितका पगार आणि दर वर्षामागे पंधरा दिवसांचा सरासरी पगार द्यावा लागतो. सहा महिन्यांच्या वरचा काळ पूर्ण वर्ष धरला जात असल्यामुळे माझी ११ वर्षे ८ महिन्यांची सेवा हिशेबात १२ वर्षांची झाली. ग्रॅच्युइटी, म्हणजे दीर्घ सेवेबद्दल नोकरी सुटताना मिळणारी रक्कम, याहून निराळी असते. मूळ पगार व महागाई भत्ता मिळून माझे २६,००० रुपये. त्यांना महिन्याच्या कामाच्या २६ दिवसांनी भागून १५ ने गुणले की वर्षामागे १५,००० आणि बारा वर्षांचे १ लाख ८० हजार रुपये होतात, हे आपण वीजबिलाच्या कोऱ्या बाजूवर मांडून दाखवलेत. तो कागद हाती आल्यावर मला ऑफिसात बोलायला तोंड मिळाले.

खरे ऋण मात्र पुढचे आहे. आपण स्वतः पर्सनल मॅनेजर म्हणून निवृत्त झालात, म्हणजे अशी पत्रे देणाऱ्यांच्या बाजूने आयुष्य काढलेत. तरीही आमच्या एचआरच्या तरुण अधिकारी बाईंना आपण जराही आवाज न चढवता समजावलेत की नोटिशीचा पगार आणि भरपाईची रक्कम म्हणजे मालकाची मेहेरबानी नव्हे, ती कपातीची पूर्वअट आहे, आणि ती त्याच वेळी दिली नाही तर न्यायालयात कपातच बेकायदा ठरून मागील पगारासह कामगाराला परत घेण्याची वेळ येऊ शकते. माणसाला गेटवर वॉचमनकरवी निरोप देऊ नये, त्याच्या विभागप्रमुखाने बंद खोलीत समोर बसून कारण सांगावे आणि तेच कारण पत्रात लिहावे, भविष्यनिर्वाह निधीच्या नोंदीत नोकरी सुटल्याची तारीख वेळेवर भरावी, अनुभवाचे प्रमाणपत्र अडवून धरू नये, हेही आपणच सुचवलेत. मला त्या दिवशी त्यांना चार शब्द सुनवायचे होते आणि आपण ते करू दिले नाहीत, याचा तेव्हा राग आला होता. आजही तो पुरता गेलेला नाही, हे प्रामाणिकपणे नमूद करतो. पण बाईंनी राजीनामा बाजूला ठेवून कपातीचे पत्र तयार केले, आणि पुन्हा भरती निघाल्यास कलम २५-एचप्रमाणे आधी मला संधी दिली जाईल, हे वाक्यही त्यात घातले.

सर्व रक्कम जमा झाली आहे. आपण फी घेतली नाहीत, म्हणून एक काम मात्र आणखी लादत आहे. आमच्याच लाइनवरच्या दोघांना या आठवड्यात तसाच राजीनामा दाखवण्यात आला आहे. त्यांनी सही केलेली नाही. येत्या रविवारी सकाळी ते आपल्याकडे येतील. त्यांची नियुक्तिपत्रे आणि पगाराच्या स्लिपा मी तारखेप्रमाणे लावून दिल्या आहेत.

आपला नम्र,
एक मशीन ऑपरेटर